पाखरं बसल्यावर

तांबोळीमामांनी मला एकदा भर रस्त्यात एसटीतून खाली उतरवलं होतं. तेही मी रीतसर तिकीट काढलेलं असताना, आणि भैरोबावाडीच्या शाळेत रुजू होऊन मला जेमतेम आठवडा झालेला असताना.

गाडी होती दौंड–भैरोबावाडी मुक्काम. दुपार कलली की दौंडहून निघायची, हायवेने भांडगावला यायची, तिथून आत वळून राहू, आणि राहूच्या पुढे नदीकाठी रस्ता जिथे संपतो तिथे आमची वाडी. रात्री गाडी देवळापुढे उभी राहायची. ड्रायव्हर-कंडक्टर तिथेच झोपायचे आणि पहाटे तीच गाडी दौंडला परत न्यायचे. वाडीला येणारी दिवसातली ती शेवटची गाडी.

मी तालुक्याच्या मीटिंगहून परतत होते. डोकं दुखत होतं, पोटात सकाळपासून दोन वडे. राहू सोडल्यावर एका शेताच्या कडेला गाडी थांबली ती थांबलीच. कुणी उतरेना, कुणी चढेना. शेवटी माझ्यातल्या मास्तरणीला राहवेना. मी मोठ्याने म्हटलं, "अहो कंडक्टर, चला की आता! कुणाची वाट बघताय?"

सडपातळ अंगाचा, खाकी शर्टाची इस्त्री संध्याकाळपर्यंत न मोडलेला एक माणूस माझ्या सीटपाशी आला आणि अगदी अदबीने म्हणाला, "बाई, जरा खाली येता का?"

मी उतरले. त्यांनी नांगरलेल्या रानाकडे बोट केलं. लांबून डोक्यावर भारा घेतलेली एक बाई ढेकळांतून पळत येत होती. एक चप्पल पायात, एक हातात.

"तिच्या मागं गाडी न्हाई," मामा म्हणाले. "आता तुमीच सांगा, डबल मारू?"

एक घंटी म्हणजे थांबा, दोन म्हणजे चला, एवढं एसटीने जाणाऱ्या कुणालाही ठाऊक असतं. मी मुकाट्याने चढून बसले. ती बाई आली, धापा टाकत दारातच टेकली. मामांनी भारा वर ओढून घेतला, "बसा आक्का, दमानं," म्हणाले आणि मग टिंग टिंग केलं. माझ्याकडे त्यांनी नंतर बघितलंसुद्धा नाही, आणि त्याचाच मला जास्त राग आला.

दस्तगीर तांबोळी हे त्यांचं नाव. मूळचे शिरूर तालुक्यातल्या कवठे येमाईचे, वडिलांचं तिथे पानाचं दुकान. नोकरी दौंड डेपोत. अख्खी वाडी त्यांना मामा म्हणायची, त्यांच्याहून मोठी माणसंसुद्धा. घड्याळ उजव्या मनगटावर, तेही आतल्या बाजूला, म्हणजे तिकीट फाडतानाच वेळ दिसावी. बोलणं कमी. जे बोलत ते बहुतेक एसटीतलंच. घरात पाहुणे जास्त झाले तर "उभ्यानं घेऊ" म्हणणार. शाळेच्या पहिलीच्या वर्गात एकदा डोकावले तर म्हणाले, "बाई, ह्यो वर्ग ओव्हरलोड हाय."

पाखरांचा नाद त्यांना लागला तो मुक्कामामुळे. गाडी लावली की ड्रायव्हर देवळाच्या ओट्यावर आडवा व्हायचा आणि मामा नदीवर हातपाय धुवायला जायचे. आमच्या नदीला बंधारा आहे. दिवाळीच्या आधी त्याला लोखंडी ढापे टाकतात, पाणी तुंबतं आणि मधलं बाभळीचं टेकाड चहूबाजूंनी पाण्यात येऊन त्याचं बेट होतं. पुणं शहर वरून काय काय सोडतं ते सगळं त्या पाण्यात असतं, जलपर्णी असते, वासही असतो. पण माणसाला पोचता येत नाही म्हणून पाखरांना ती जागा पसंत. मावळतीला आसपासच्या दहा-पंधरा गावांची पाखरं तिथे झोपायला येतात. मामा बंधाऱ्यावर मावळतीची नमाज पढायचे आणि पाखरं उतरताना बघायचे. असे किती हिवाळे गेले कुणास ठाऊक.

मी त्यांना तिथे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते एका जुन्या ड्युटीच्या कागदामागे पेन्सिलीने काहीतरी लिहीत होते. मी विचारलं तर जरा लाजले.

"टायमिंग लिहितोय. ही बी मुक्कामी गाडीच हाय की बाई. पाणकावळं आधी येत्यात, मग गायबगळं, मग शराटी. रोजचा दिवस मिनिटा-मिनिटानं सरकंल तसं त्येंचं टायमिंग सरकतं, पण नंबर चुकत न्हाई."

शराटी म्हणजे कोंबडीहून मोठा, लांब वाकड्या चोचीचा पक्षी. आमची पोरं त्याला कुदळ्या म्हणतात. सगळे उतरत असताना बेटावरून काही पाखरं उलटी बाहेर निघाली, 'क्वाक्' करत. मी विचारलं, ही कुठे चालली?

"ते रातबगळे. थर्ड शिफ्ट," मामा म्हणाले. त्यांचा मुलगा कंपनीत तिसऱ्या पाळीला जायचा.

मी शाळेच्या कपाटातलं पक्ष्यांचं पुस्तक त्यांना दिलं. महिन्याने परत आणलं तेव्हा त्यात जागोजागी कागदाचे कपटे. पुस्तकात एका बदकाबद्दल जे छापलं होतं ते त्यांना पटलं नव्हतं. "लिवणारा सकाळच्या पाळीचा दिसतोय," म्हणाले. "संध्याकाळचं त्येला म्हाईत न्हाई."

रिटायर झाले तेव्हा डेपोतल्या लोकांनी त्यांना शाल-नारळाबरोबर एका भंगारात निघालेल्या गाडीची घंटी दिली. दौंडच्या घरी ते तीन महिने टिकले. हमीदामामी, त्यांच्या पत्नी, मला सांगत होत्या, "घरी बसलं की सारखं घड्याळ बघत्यात. मला वाटायचं मीच लेट झाले." मग दोघांनी वाडीत सोसायटीच्या गोदामामागची खोली भाड्याने घेतली. मुक्कामाचा माणूस कायमचा मुक्कामाला आला.

पुढे जे झालं ते कुणी ठरवून केलं नाही. पुण्याहून एक डॉक्टरीणबाई नवऱ्याबरोबर चुकून बंधाऱ्यावर आल्या, मामांनी त्यांना तासभर पाखरं दाखवली, त्यांनी आणखी चारजणांना सांगितलं. बघता बघता शनिवार-रविवारी देवळापुढे गाड्या लागायला लागल्या. लोक त्याला सूर्यास्ताचं पक्षीनिरीक्षण वगैरे म्हणत. मामा म्हणत, "फेरी."

ती फेरी बघण्यासारखी असायची. निंबाच्या झाडाला ती डेपोची घंटी टांगलेली. सगळे जमले की मामा तीनदा डोकी मोजायचे आणि टिंग टिंग करून चालायला लागायचे. घंटी तिथेच राहायची, पाण्याकडे न्यायची नाही. पांढरे किंवा भडक कपडे घालून आलेल्यांना ते जुना खाकी शर्ट चढवायला लावायचे. डेपोतल्या सोबत्यांकडून असे वीस-पंचवीस शर्ट त्यांनी जमवले होते, काहींच्या खिशावर बिल्ल्याची भोकंही तशीच. मोठमोठ्या कंपन्यांतले साहेब आणि त्यांच्या बायका कंडक्टरचे शर्ट घालून बंधाऱ्यावर एका ओळीत बसलेले पाहून गावातल्या बायका पदराआड हसायच्या. मीही हसले आहे.

आणि तिथे बसवायचे कसे, तर मावळतीकडे पाठ करून. सूर्यास्त बघायला म्हणून पन्नास-साठ किलोमीटर आलेली माणसं कुरकुरायची.

"सूर्व्या उद्या बी बुडणार हाय," मामा म्हणायचे. "त्येचा उजेड कुणावर पडतोय त्ये बघा की."

मग समोर बेटावर उतरणाऱ्या शराटींच्या काळ्या पाठीवर तो तिरपा उजेड पडायचा, त्यातून हिरवी-तांबडी झाक चमकायची आणि कुरकुर बंद व्हायची.

एकदा एका फोटोवाल्याने भलीमोठी नळी लावलेला कॅमेरा आणला होता. सगळी पाखरं बसल्यावर त्याला ती उडताना हवी होती. त्याने दोन टाळ्या वाजवल्या. अर्धं बेट वर उठलं, घिरट्या घालायला लागलं. मामा उठले, त्याच्याजवळ गेले, आवाज जराही न चढवता म्हणाले, "साहेब, उतरा. तुमचा स्टॉप आला." तो हसायला लागला. मामा हसले नाहीत. त्याचा शर्ट मागून घेतला, स्वतः गाडीपर्यंत पोचवून आले, वर वाटेत पाणी हवं का तेही विचारलं. परत येऊन बसले आणि तो शर्ट मांडीवर घेऊन पुन्हा पुन्हा घडी घालत राहिले. माणूस उतरवणं त्यांना आवडायचं नाही.

त्यांची खोडही सांगते, नाहीतर म्हणाल बाईंनी मामांना पार देव्हाऱ्यात बसवलं. वेळेचा त्यांना गर्व होता. शराटी कधी येणार ते आधी जाहीर करायचे आणि त्या मिनिटाला आले की मिशीतल्या मिशीत हसायचे. एका रविवारी शराटी अकरा मिनिटं उशिरा आले. पाहुण्यांसमोर मामांचा चेहरा एवढासा झाला. "आज शिस्त ढासळली," म्हणाले आणि रात्री जेवलेही नाहीत. दुसऱ्या दिवशी कळलं, त्यांचं घड्याळच पुढे पळत होतं. पुढच्या शनिवारी फेरी सुरू करायच्या आधी, ज्यांना आगापिछा काही ठाऊक नव्हता अशा नव्या पाहुण्यांसमोर उभे राहून ते म्हणाले, "गेल्या ऐतवारी म्या पाखरांवर आळ घेतला व्हता. चूक माझ्या घड्याळाची व्हती." पाहुण्यांना वाटलं ही फेरीतलीच काहीतरी गंमत आहे. ती गंमत नव्हती. मी इतकी वर्षं शाळेत आहे, पोरांपुढे चूक कबूल करायची वेळ आली की मी अजून फळा पुसायला वळते.

आता आबांकडे येते. रंगनाथआबा आमच्या वाडीतलं मोठं घर. सोसायटीचे चेअरमन, ऊस, गुऱ्हाळ, दोन ट्रॅक्टर. माणूस दिलदार. शाळेची एक खोली त्यांनीच बांधून दिली. नदीकाठच्या त्यांच्या जमिनीत त्यांनी लॉन काढलं, म्हणजे मंगल कार्यालय, बेटाच्या बरोबर समोर. पहिलं लग्न त्यांच्याच थोरल्या मुलाचं झालं, गोरज मुहूर्तावर.

मुहूर्त मावळतीचा होता, पण एक पुढारी यायचे होते. माईकवरचा निवेदक "थोड्याच वेळात आगमन होत आहे" म्हणत राहिला आणि आम्ही अक्षता मुठीत धरून पाऊण तास उभे राहिलो. चांगला अंधार पडल्यावर साहेब आले आणि त्यांच्या स्वागताला आबांच्या भाच्यांनी आभाळात फुटणारे बार उडवले. एकामागून एक, नदीच्या अंगाला.

माझ्या शेजारी मामा होते. पहिल्या बाराला त्यांनी माझं मनगट धरलं. समोरच्या काळोखात काहीतरी एकदम उठलं आणि कालवा झाला. नदीवरून विजेच्या तारा गेल्या आहेत. पाखराला अंधारात तार दिसत नाही.

सकाळी मामा खताची रिकामी गोणी घेऊन काठाने फिरले. मी शाळेत जाताना ते निंबाखाली खड्डा खणत होते. मी थांबले तर म्हणाले, "तुमी जावा बाई, प्रार्थना व्हायची हाय."

बेट रिकामं पडलं. मामा तरी रोज संध्याकाळी बंधाऱ्यावर जाऊन रिकाम्या बेटाकडे बघत बसायचे. फेरीसाठी फोन आला की सांगायचे, "गाडी बंद हाय." बऱ्याच दिवसांनी थोडी पाखरं परतली. त्यांत एक शराटी होता, त्याचा एक पाय खाली लोंबलेला. तारेनं केलं की काय केलं, पण त्याला बाकीच्यांबरोबर उडता यायचं नाही. सगळे बसून आठ-नऊ मिनिटं झाली की एकटाच, पाण्यालगत, खालून यायचा. तो बसल्याशिवाय मामा उठायचे नाहीत आणि पाहुण्यांनाही उठू द्यायचे नाहीत. नमाजही त्यानंतर.

पुढच्या वर्षी माघात आबांच्या मुलीचं, प्राजक्ताचं लग्न ठरलं. तेच लॉन, तोच गोरज मुहूर्त. प्राजक्ता माझी विद्यार्थिनी. पत्रिका घेऊन घरी आली, पाया पडली, आणि आशीर्वाद द्यायच्या आधी मी पत्रिकेतला मुहूर्त वाचला. या वेळी पाखरं उठली तर ती परत येणार नाहीत, असं मामा म्हणायचे. पाखराला एकदा जागा चुकल्यासारखी वाटली तर ते पुन्हा बघतं. दुसऱ्यांदा बघत नाही.

मामा मला म्हणाले, "बाई, आबांकडं जायचं हाय. तुमी नुसतं संगट या. बोलंन मी."

आबा ओसरीवर बसले होते. मामांनी दोनच गोष्टी मागितल्या. बार उडवायचे ते दुपारी मिरवणुकीत, गावात उडवावेत, नदीवर नकोत. आणि मुहूर्त वीस मिनिटं धरावा.

"एकदा बसली म्हंजी माणसाचा आवाज चालतोय त्येनला. देवळातलं कीर्तन आयकत झोपत्यात. पण उतरताना बँड वाजला, लाइटी लागल्या, तर माघारी फिरत्यात. आन् अंधारात जातील कुठं?"

आबांनी ऐकून घेतलं. "मामा, तुमच्याबद्दल आपल्याला काय न्हाई. पर मुहूर्त धरायचा? बगळ्यांसाठी?"

इथे मामांनी गप्प बसायला हवं होतं. पण ते अगदी साधेपणाने म्हणाले, "थोरल्या दादांच्या लग्नात साहेबांसाठी पाऊण तास धरला व्हता की आबा. म्या तितंच व्हतो."

ओसरीवरच्या चार माणसांनी चार दिशांना बघितलं. आबांची मान ताठ झाली. ते उठले, "बघू," म्हणाले आणि आत गेले. आम्हाला चहासुद्धा विचारला गेला नाही. त्या घरातून चहा न घेता बाहेर पडलेली माणसं त्या दिवशी आम्हीच असू.

वाटेत मामा म्हणाले, "न्हाई म्हणले न्हाईत."

"हो तरी कुठे म्हणाले?" मी चिडून म्हटलं. "आणि तुम्हाला ते साहेबांचं काढायची काय गरज होती?"

"खरं व्हतं की."

मी पुढे चालायला लागले.

लग्नाच्या दिवशी मी वेळेच्या आधीच गेले. दुपारच्या मिरवणुकीत बार वाजले होते, पण ते सगळे संपले का काही उरवलेत, कुणाला विचारायची हिंमत होईना. लॉन माणसांनी गच्च भरलं. मामा पार टोकाला, पाण्याच्या कडेला उभे होते, मावळतीकडे पाठ करून. अंगात धुतलेला खाकी शर्ट, हातात कापडी पिशवी. पाणकावळे येऊन बसले होते. बँडवाल्यांनी ताशा तापवून घेतला. नवरा-नवरी पाटावर, मध्ये अंतरपाट, गुरुजी घसा साफ करतायत. मुहूर्ताची मिनिटं भरली.

आणि आबांनी निवेदकाच्या हातातून माईक घेतला.

"मंडळी, जरा दमानं. आपलं काही पाव्हणं आजून वाटंत हायेत. ते आल्याबिगर अक्षदा पडणार न्हाईत. बँडवाल्यांनी गप ऱ्हावा. लाइटी बी लावू नका आत्ताच."

मांडवात कुजबुज सुरू झाली. कोण येणार? मंत्री तर नव्हे? व्हिडिओवाला कॅमेरा घेऊन फाटकाकडे पळाला. स्वागत समितीतले दोघं शाल आणि फेटा घेऊन रस्त्यावर जाऊन उभे राहिले. बसलेले पुढारी एकमेकांकडे बघायला लागले, की आपल्यापेक्षा मोठं कोण बोलावलंय यांनी. एवढ्या माणसांत एकटे मामा आभाळाकडे बघत होते. आणि मी त्यांच्याकडे.

मग गायबगळे आले. मांडवाच्या बरोबर वरून, थव्यामागून थवा. एक पोरगं ओरडलं, "आये, पाव्हणं आलं!" आणि सगळा मांडव हसला. हसू विरल्यावर जी शांतता झाली तशी मी कुठल्याच लग्नात ऐकलेली नाही. शराटी आले तेव्हा त्यांच्या पंखांचा आवाज खाली ऐकू येत होता. अंतरपाटाच्या एका बाजूला प्राजक्ता मुंडावळ्या सावरत वर बघत होती, दुसऱ्या बाजूला नवरदेवही वर. बेट पांढरं-काळं भरून गेलं. गुरुजींनी आबांकडे बघितलं. आबांनी मामांकडे बघितलं.

मामांचा हात वर होता. पंजा उघडा. अजून नाही.

दोन मिनिटं गेली, चार गेली. नवरदेवाच्या मामाला राहवेना. तो जागेवरून ओरडला, "ओ चेअरमन, चला की आता! आता कुणाची वाट बघताय?"

माझे कान तापले. शब्द न् शब्द माझेच होते.

"एक मागं ऱ्हायलंय," आबा माईक न घेताच म्हणाले. "येऊ द्या."

तो आला. पाण्यालगत, खालून, पाय लोंबकळत. बेटाच्या खालच्या फांदीवर दोनदा पंख आपटून बसला. मामांनी हात खाली घेतला, पिशवीतून ती डेपोची घंटी काढली आणि हलकेच दोनदा वाजवली. टिंग टिंग. गुरुजींनी त्यावरच पहिलं मंगलाष्टक उचललं. मी रडले, हो. नवरीची बाई म्हणून रडतेय असं सगळ्यांना वाटलं, ते बरंच झालं.

अक्षता पडल्यावर आबा स्वतः दोन कप घेऊन पाण्याच्या कडेला आले, एक मला दिला, एक मामांना. "त्या दिवशीचा ऱ्हायला व्हता," एवढंच म्हणाले. मामांनी कप दगडावर ठेवला, आधी नमाज पढली आणि मग गार झालेला चहा सावकाश संपवला. आबा तोवर थांबले होते.

हे जमलं कसं, ते मला प्राजक्ताने माहेरपणाला आल्यावर सांगितलं. आम्ही चहाविना परतलो त्या रात्री ती वडिलांना म्हणाली होती, "आबा, बारावीत माझा जादाचा तास सुटायला उशीर व्हायचा. मामा भांडगावच्या फाट्यावर गाडी धरून ठेवायचे. लोक त्यांना शिव्या घालायचे, मी लांबून ऐकलंय. तवा तुमाला ते चाललं." आबा म्हणे ताटावरून उठले तेवढं.

त्यानंतर वाडीत एक रीतच पडली. लॉनवर गोरज लग्न असलं की पत्रिकेत आकडा छापत नाहीत. राहूच्या छापखानेवाल्याने पहिल्यांदा फोन करून विचारलं होतं, "मॅटरमध्ये वेळ ऱ्हायलीय का?" राहिली नव्हती. 'शुभमुहूर्त: सायंकाळी, पाखरं बसल्यावर.' अजूनही तसंच छापतात. बाहेरगावचे पाहुणे हसतात आणि आमची माणसं त्यांना मोठ्या तोऱ्यात समजावून सांगतात, जणू बेट त्यांनीच पाण्यात आणून ठेवलंय. मीही माझ्या नव्या शाळेत ती पत्रिका सगळ्या स्टाफला दाखवली आहे. मामांचा मला अभिमान आहे. मी त्यांच्या गाडीने जायचे, हे मी अजून सांगत फिरते.

नवी शाळा अशासाठी की दरम्यान माझी बदली शिरूर तालुक्यात झाली होती. मामांना मी शेवटचं पाहिलं ते आबांच्या धाकट्या मुलाच्या लग्नात, मामा गेले त्याच्या आदल्या हिवाळ्यात.

लग्नाला येते असं मामांना कळवलं होतं, पण शाळा सुटून निघायला उशीर झाला, मधली गाडी चुकली. राहूपर्यंत कशीबशी आले, पुढे एका ट्रॅक्टरवाल्याने वाडीच्या अलीकडे सोडलं. सूर्य बुडून गेला होता. नव्या रस्त्याने वळसा पडतो म्हणून मी रानातून निघाले. ढेकळांत एका चपलेचा अंगठा तुटला. ती हातात घेतली आणि साठीला टेकलेली मी, जरीच्या साडीत, पळायला लागले.

लांबून बेट दिसलं. भरलेलं होतं, सगळी बसली होती. तो लोंबत्या पायाचा शराटी तर दोन हिवाळ्यांपूर्वीच यायचा थांबला होता. म्हणजे अक्षता पडून गेल्या, असं वाटून मी पाय आवरते घेतले. पण बँड वाजत नव्हता. लाइटी लागल्या नव्हत्या. सगळा मांडव उभा होता, गप्प.

पाण्याच्या कडेला प्लास्टिकच्या खुर्चीत मामा बसले होते. फार वाळले होते, खाकी शर्ट अंगावर नुसता लटकत होता. त्यांची पाठ पाण्याकडे होती आणि तोंड रानाकडे. हात वर, पंजा उघडा.

मी धापा टाकत त्यांच्यापाशी पोचले. माझ्या हातातल्या चपलेकडे त्यांनी एकदा बघितलं. मग मांडीवरच्या पिशवीत हात घातला.

"बसा बाई, दमानं," मामा म्हणाले आणि त्यांनी डबल मारली.